जंगल कायदा मोडणारा वकील व्हाइसरॉयच्या सरकारात कसा पोहोचला? लोकनायक बापूजी अणेंची गोष्ट

चंद्रपूर जिल्ह्यातल्या माजरी जंक्शनवरून रेल्वेचा एक फाटा वर्धा नदी ओलांडून वणीला जातो. याच वणीत 29 ऑगस्ट 1880 रोजी माधव श्रीहरी अणे यांचा जन्म झाला. पुढे सगळा विदर्भ त्यांना लोकनायक बापूजी अणे म्हणून ओळखू लागला.

अमरावतीत काही काळ शिक्षकी केल्यानंतर अण्यांनी यवतमाळला वकिली सुरू केली. लोकमान्य टिळकांचे ते कट्टर अनुयायी होते.

1930 मध्ये देशभर मिठाचा सत्याग्रह सुरू झाला. पण विदर्भाला समुद्रच नाही. मग इथे कोणता कायदा मोडायचा? उत्तर होतं, जंगल कायदा. गुरं चारायला आणि गवत कापायला सरकारी बंधनं असल्यामुळे गावकरी आधीच त्रासले होते. 10 जुलै 1930 रोजी पुसदजवळच्या राखीव जंगलात वकील अण्यांनी गवत कापलं आणि अटक करवून घेतली.

मग सरकारात का गेले?

1934 मध्ये जातीय निवाड्यावरून त्यांचे काँग्रेसशी मतभेद झाले. पंडित मदनमोहन मालवीयांसोबत त्यांनी वेगळा पक्ष काढला. 1941 मध्ये व्हाइसरॉय लिनलिथगो यांनी आपल्या कार्यकारी मंडळात भारतीयांची संख्या वाढवली. अण्यांकडे परदेशातल्या भारतीयांचं खातं आलं. हे पद मंत्र्यासारखंच होतं, पण अंतिम शब्द व्हाइसरॉयचा.

चिमूर दारात आलं

ऑगस्ट 1942 मध्ये चांदा जिल्ह्यातल्या चिमूरमध्ये पोलिसांनी गोळीबार केला. जमावाच्या हल्ल्यात सरकारी अधिकारीही मारले गेले. त्यानंतर गावात घुसलेल्या फौजेवर महिलांवरील अत्याचाराचे आरोप झाले.

चौकशीच्या मागणीसाठी सेवाग्रामचे प्राध्यापक भन्साळी थेट अण्यांच्या दिल्लीतल्या घरी पोहोचले आणि उपोषणाला बसले. पोलिसांनी त्यांना दिल्लीबाहेर काढलं, तरी उपोषण सुरूच राहिलं. ते 63 दिवस चाललं. चिमूर अण्यांच्याच मुलखातलं होतं. पण तेव्हा त्यांनी पद सोडलं नाही.

10 फेब्रुवारी 1943 रोजी कैदेतल्या गांधीजींनी 21 दिवसांचं उपोषण सुरू केलं. सरकार त्यांना सोडायला तयार नव्हतं. आता मात्र अण्यांनी होमी मोदी आणि नलिनी रंजन सरकार यांच्यासोबत राजीनामा दिला.

पुढे काय झालं?

ते सिलोनमध्ये भारताचे प्रतिनिधी झाले. 1948 ते 1952 या काळात बिहारचे राज्यपाल राहिले. नंतर वेगळ्या विदर्भाचा आग्रह धरत नागपूरमधून लोकसभेत गेले. 26 जानेवारी 1968 रोजी त्यांचं निधन झालं. त्याच वर्षी त्यांना पद्मविभूषण जाहीर झाला होता. टिळकांवर त्यांनी लिहिलेल्या संस्कृत महाकाव्याला मरणोत्तर साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला.

म्हणून अण्यांची आठवण काढताना पुसदच्या जंगलातलं गवत आठवतं, तसा चिमूर ते राजीनामा हा काही महिन्यांचा काळही आठवावा लागतो.