साओ पावलोतील एक परदेशी संकलक

चित्रपट लक्षात राहतो तो नायकामुळे, फार तर दिग्दर्शकामुळे. संकलकाचे नाव श्रेयनामावलीत झळकते आणि विसरले जाते. ओस्वाल्ड हाफेनरिश्टर यांचेही तसेच झाले. त्यांच्या कारकिर्दीतील ब्राझीलचे पर्व तर युरोपात फारसे कोणाच्या स्मरणातच राहिले नाही.

हाफेनरिश्टर यांचा जन्म 1899 मध्ये तत्कालीन ऑस्ट्रिया-हंगेरीतील, आजच्या स्लोव्हेनियातील ओप्लोतनित्सा येथे झाला. 1931 मध्ये गाजलेल्या 'मेडशेन इन उनिफॉर्म' या जर्मन चित्रपटाचे संकलन त्यांनी केले होते. पुढे ब्रिटनमध्ये कॅरोल रीड यांच्या 'द फॉलन आयडल' (1948) आणि 'द थर्ड मॅन' (1949) या चित्रपटांनी त्यांचे नाव झाले. व्हिएन्नाच्या भुयारी गटारांतला तो शेवटचा पाठलाग आठवावा. पळणारी पावले, विजेऱ्यांचे झोत, रस्त्यावरील जाळीतून वर आलेली बोटे... या तुकड्यांतून उभी राहणारी धडधड संकलनाच्या टेबलावर घडली आहे. या कामासाठी त्यांना ऑस्करचे नामांकन लाभले. मात्र तोवर ते अटलांटिक ओलांडून गेले होते.

साओ पावलोजवळ साओ बेर्नार्दो दो काम्पो येथे 1949 मध्ये वेरा क्रूझ ही चित्रसंस्था स्थापन झाली. फ्रान्स व ब्रिटनमध्ये नाव कमावून मायदेशी परतलेले अल्बेर्तो काव्हालकान्ती तिचे निर्मितीप्रमुख होते. हॉलिवूडच्या धर्तीवर स्टुडिओ उभारायचा, तर तंत्रज्ञ हवेत. ते त्यांनी युरोपातून आणले. हाफेनरिश्टर त्यांपैकीच एक. 'काइसारा' (1950) या संस्थेच्या पहिल्याच चित्रपटाचे संकलन त्यांच्याकडे आले. काव्हालकान्ती वर्षा-दोन वर्षांत बाहेर पडले, हाफेनरिश्टर मात्र थांबले.

लिमा बारेतो दिग्दर्शित 'ओ कांगासेइरो' (1953) हे त्या पर्वाचे शिखर. ईशान्य ब्राझीलमधील दरोडेखोरांची ही कथा प्रत्यक्षात चित्रित झाली ती साओ पावलो राज्यात! कान महोत्सवात या चित्रपटाला सर्वोत्कृष्ट साहसपटाचा पुरस्कार मिळाला आणि जगभर तो चालला. परंतु जागतिक वितरणाचे हक्क कोलंबिया कंपनीकडे असल्याने या यशाचा लाभ वेरा क्रूझला फारसा झाला नाही. कर्जाच्या ओझ्याखाली 1954 मध्ये संस्थेचा डोलारा कोसळला. परदेशी तंत्रज्ञांवर केलेला खर्चही तेव्हा टीकेचा विषय झाला. ही टीका अगदीच अनाठायी नव्हती. पण संकलनाच्या खोलीत जे शिकवले गेले, त्याची नोंद कोणत्याही हिशेबवहीत झाली नाही.

हाफेनरिश्टर ब्रिटनला परतले. उतारवयात 'द स्कल' (1965), 'ट्रॉग' (1970) असे भयपट त्यांच्या वाट्याला आले. 1973 मध्ये त्यांचे निधन झाले. वेरा क्रूझमध्ये त्यांच्या हाताखाली उमेदवारी केलेले मौरो आलीसे यांनी पुढे एक्तोर बाबेन्को यांच्या 'किस ऑफ द स्पायडर वुमन' (1985) आणि 'कारांदिरू' (2003) या चित्रपटांचे संकलन केले.