ललिताबाईंचा डोळा

आमच्या इंदूरच्या जुन्या घरात ललिता पवार हे नाव कौतुकाने कधी घेतले गेले नाही. आजीने १९५० साली शांतारामबापूंचा ‘दहेज’ पाहिला आणि त्यातल्या सासूवर तिचा जो राग बसला तो कायमचा. घरात कोणी सुनेला टाकून बोलले, की आजी त्या बाईचे नाव घेई आणि बोलणारी गप्प होई. त्याच रागात मीही वाढलो. तो राग किती अन्यायाचा होता, हे मला फार उशिरा उमगले. म्हणून आज चार शब्द लिहावयास बसलो आहे.

ललिताबाई मूळच्या नाशिक जिल्ह्यातील येवल्याच्या. जन्म १८ एप्रिल १९१६ चा, पाळण्यातले नाव अंबा. वडील कापडाचे व्यापारी. अंबेला बोलपटाची वाट पाहावी लागली नाही. १९२८ च्या सुमारास, कोवळ्या वयातच, ती मूकपटात उभी राहिली. १९३१ साली पडदा बोलू लागला तेव्हा मूकपटातील कित्येकांचे दिवस संपले. ललिताबाईंचे मात्र उजाडले. १९३५ च्या ‘हिम्मत-ए-मर्दां’मध्ये त्या नायिका होत्या, आणि नायिका म्हणूनच त्यांनी पुढची काही वर्षे गाजवली.

मग १९४२ साल आले. ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात मास्टर भगवान यांनी त्यांना थप्पड मारावी, असा प्रसंग होता. ती थप्पड खरोखरीच जोरात बसली. चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली. दीर्घ उपचार झाले, पण डाव्या डोळ्यात कायमचे व्यंग राहिले. ज्या व्यवसायात चेहरा हेच भांडवल, तेथे ऐन पंचविशीत नायिकेवर हा घाव!

दुसरी एखादी घरी बसली असती. ललिताबाई दुय्यम भूमिकांत उतरल्या. प्रभातच्या १९४४ च्या ‘रामशास्त्री’त त्या आनंदीबाई झाल्या. ‘ध’चा ‘मा’ ही गोष्ट आपणा माळव्यातल्या मराठी मंडळींना आजीच्या मांडीवर ऐकून ठाऊक. ती पडद्यावर पाहताना त्या अर्धवट मिटल्या डोळ्याला पेशवाईतले कारस्थान आपसूकच चिकटले. पुढे कजाग सासू, खाष्ट आत्या, कपटी जाऊ अशा भूमिकांची रांग लागली. १९६१ च्या ‘संपूर्ण रामायण’मध्ये त्या मंथरा होत्या, आणि १९८७ साली दूरदर्शनच्या ‘रामायण’मध्येही मंथराच.

परंतु मला आठवतो तो १९५९ चा ‘अनाडी’. तेव्हा मी शाळकरी होतो. घरी न सांगता पाहिलेला चित्रपट. त्यातली घरमालकीण मिसेस डिसा भाडेकरू पोराला तोंडभर रागावते आणि पोटच्या मुलासारखी माया करते. ती भेसळीच्या औषधाने मरते तेव्हा मी अंधारात हमसून रडलो. डोळा तोच, मिटणेही तेच. पण आता त्यातून करुणा पाझरत होती. या भूमिकेने त्यांना फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. १९६१ साली संगीत नाटक अकादमीनेही गौरव केला.

त्या रात्री आजीला हे सांगण्याचा धीर मला झाला नाही. तिच्या लेखी ती बाई वाईटच राहिली. आम्ही सर्वांनी एका दुखापतीला स्वभाव समजून वर्षानुवर्षे बोल लावले, आणि त्या बाई मात्र आमचा तो राग कमाई म्हणून मुकाट्याने स्वीकारत राहिल्या.

२४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात त्यांनी देह ठेवला. आजी त्याआधीच गेली होती. ती असती, तर निदान त्या दिवशी तरी मी तिला थपडेची हकीकत सांगितली असती. आणि मला खात्री आहे, पदराला डोळे पुसत आजीने आपला राग परत घेतला असता.