वाटाण्याच्या रोपाने मिळवून दिलेले भांडवल

चित्रपट म्हणजे कथा, अशी समजूत आपल्याकडे रूढ आहे. दादासाहेब फाळके यांनी मात्र हरिश्चंद्राची कथा हाती घेण्यापूर्वी कॅमेऱ्यासमोर कुंडीतला वाटाणा ठेवला होता.

३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे जन्मलेल्या धुंडिराज गोविंद फाळके यांनी मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत आणि बडोद्याच्या कलाभवनात शिक्षण घेतले. छायाचित्रण व शिलामुद्रण त्यांना अवगत होते. आडनावाची अक्षरे उलटी करून 'प्रोफेसर केळफा' या नावाने ते जादूचे प्रयोगही करीत. मुंबईत ख्रिस्तचरित्रावरील चित्रपट पाहिला आणि या माध्यमाने त्यांना झपाटले. अहोरात्र चित्रपट पाहण्याच्या ध्यासापायी त्यांची दृष्टी काही काळ गेली; उपचारांनी ती परतली. आयुर्विम्याची पॉलिसी गहाण टाकून १९१२ मध्ये त्यांनी लंडन गाठले आणि विल्यमसन कॅमेरा खरेदी केला.

कॅमेरा आला, पण भांडवल नव्हते. तेव्हा 'अंकुराची वाढ' ही छोटी चित्रफीत तयार झाली. दाणा फुटतो, कोंब वर येतो, वेल चढू लागते; महिनाभराची ही वाटचाल पडद्यावर सुमारे मिनिटभरात उलगडे. रोज एकच चौकट टिपली, असे सर्रास सांगितले जाते. हा हिशेब जुळत नाही. सेकंदाला १६ चौकटी धरल्या, तरी मिनिटाला ९६० लागतात. म्हणजे दिवसाला तीसएक चौकटी तरी टिपाव्या लागल्या असणार.

पडद्यावर हालचाल अशी नसतेच. असतात ती स्थिर चित्रे. गती पाहणाऱ्याच्या नजरेत निर्माण होते. दोन चित्रांमधला काळ किती ठेवायचा, हे चित्रकर्त्याच्या हाती. जादूगार फाळके यांना हे मर्म नेमके गवसले.

चित्रफीत पाहून यशवंत नाडकर्णी यांनी कर्ज दिले. पत्नी सरस्वतीबाईंचे दागिनेही गहाण पडले. रात्री जागून फिल्मला छिद्रे पाडण्याचे कामही त्याच करीत. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात 'राजा हरिश्चंद्र' झळकला.

यश मिळाल्यावरही ही हौस सुटली नाही. 'आगकाड्यांची मौज' या लघुपटात त्यांनी चक्क काड्यापेटीतल्या काड्यांना नाचवले. युक्ती तीच, वाटाण्याची. पौराणिक चित्रपटांच्या झगमगाटात हे लघुपट झाकोळले गेले, हे खरेच. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे फाळके यांचे निधन झाले. 'चित्रपट कसे तयार करतात' या त्यांच्या लघुपटाचा काही भाग मात्र टिकला आहे. त्यात फाळके स्वतः फिल्म हाताळताना दिसतात.