फाळक्यांचा वाटाणा: फोनमधल्या टाइम-लॅप्सची १९१२ सालची गोष्ट

गंगाखेडला गोदावरीच्या घाटावर फोन दगडाला टेकवून टाइम-लॅप्स लावला की अर्ध्या तासाचा सूर्यास्त अर्ध्या मिनिटात बघता येतो. फोन दर दोन सेकंदांना एक फोटो काढतो, असे ९०० फोटो जमतात आणि मग ते सेकंदाला ३० या वेगाने पळवतो. बस्स, एवढंच.

विज्ञानकथांमध्ये एक यंत्र असतं. डोळ्याला लावलं की मागचा-पुढचा कुठलाही क्षण दिसतो. तसं यंत्र अजून कुणी बनवलेलं नाही. पण त्याच्या जवळ जाणारी करामत आपल्याकडे शंभरेक वर्षांपूर्वी एका माणसाने करून दाखवली, तीही खिसा रिकामा असताना. माणूस याच नदीच्या उगमाजवळचा. धुंडिराज गोविंद फाळके, म्हणजेच दादासाहेब. जन्म त्र्यंबकेश्वर, ३० एप्रिल १८७०.

'भारतीय सिनेमाचे जनक' हे आपण शाळेत पाठ केलेलं असतं. त्याआधी हा माणूस काय काय करून बसला होता ते कुणी सांगत नाही. मुंबईत जे. जे. स्कूल ऑफ आर्ट, मग बडोद्याचं कलाभवन. तिथे चित्रकला आणि फोटोग्राफी. पुढे गोध्र्याला फोटो स्टुडिओ काढला, तर प्लेगच्या साथीत पहिली बायको आणि मूल दोन्ही गेलं. मधल्या काळात जादूचे प्रयोग केले, आडनाव उलटं करून 'प्रोफेसर केळफा' या नावाने. (आजच्या भाषेत युजरनेम.) पुरातत्त्व खात्यात नोकरी केली, ती सोडून छापखाना काढला, नवीन छपाई शिकायला जर्मनीला जाऊन आले, आणि भागीदारांशी पटेना म्हणून छापखानाही सोडला. वय चाळीस, हातात काम नाही.

१९११च्या सुमारास गिरगावात त्यांनी ख्रिस्ताच्या आयुष्यावरचा मूकपट पाहिला. पडद्यावर ख्रिस्त चालतोय आणि यांच्या डोळ्यांसमोर राम-कृष्ण. दुसऱ्यांदा बघायला गेले तेव्हा पत्नी सरस्वतीबाईंना सोबत नेलं. मग एक छोटा कॅमेरा आणि रिळं आणली आणि घरी प्रयोग सुरू केले. रोज चार-पाच तास सिनेमे बघायचे आणि उरलेला वेळ प्रयोग. झोप जेमतेम तीन तास. शेवटी डोळ्यांनी दिसेनासं झालं. ज्याचं सगळं काम डोळ्यांवर, त्याचेच डोळे गेले! डॉक्टरांच्या उपचारांनी आणि तीन-चार चष्म्यांच्या मदतीने दृष्टी परत आली, आणि आपले दादासाहेब पुन्हा त्याच कामाला लागले.

विमा पॉलिसी गहाण ठेवून ते फेब्रुवारी १९१२ मध्ये लंडनला गेले. तिथे 'बायोस्कोप' साप्ताहिकाच्या संपादकाला गाठलं. त्याच्या ओळखीने सेसिल हेपवर्थच्या स्टुडिओत काम कसं चालतं ते पाहिलं. ५० पौंडांचा विल्यमसन कॅमेरा घेतला, कोरी फिल्म आणि फिल्मच्या कडेला भोकं पाडायचं यंत्र मागवलं, आणि एप्रिलच्या सुरुवातीला परत आले.

यंत्र आलं, पण सिनेमासाठी पैसा कोण देणार? 'पडद्यावर देव चालवतो' म्हणणाऱ्यावर कोण विश्वास ठेवेल? आज आपण अशा वेळी डेमो बनवतो. फाळक्यांनीही तेच केलं. कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा पक्का बसवला आणि महिनाभर थोडे थोडे फोटो घेत राहिले. रीळ चालवलं तर बी फुटतंय, कोंब वर येतोय, वेल चढतोय! एका महिन्याचा काळ मिनिटभरात. फिल्मचं नाव 'अंकुराची वाढ'.

इथे माझ्यातला इंजिनियर अडखळतो. सगळीकडे लिहिलेलं असतं की रोज एक फ्रेम घेतली. हिशेब करा. तेव्हा फिल्म साधारण सेकंदाला १६ फ्रेमने चालायची. रोज एक म्हणजे महिन्याला तीस, म्हणजे दोन सेकंदही नाहीत. मिनिटभराची फिल्म हवी तर ९६० फ्रेम लागतात, म्हणजे दिवसाला तीस-बत्तीस. कॅमेरा हाताने फिरवायचा, त्यात टायमर नाही, स्क्रीन नाही. उजेड रोज सारखा हवा, कॅमेरा केसभरही हलता कामा नये. आणि चूक झाली आहे हे कळणार महिन्याने, रीळ धुतल्यावर.

डेमो चालला. पैसेवाल्यांनी तो पाहिला आणि कर्ज मिळालं. बाकीची भर सरस्वतीबाईंच्या दागिन्यांनी घातली. फिल्मला भोकं पाडणं, रीळ धुणं, उन्हात पांढऱ्या चादरी धरून कलाकारांवर उजेड पाडणं आणि सगळ्यांचा स्वयंपाक ही कामंही त्यांचीच. श्रेयनामावली निघाली असती तर निम्मी त्यांच्या नावावर गेली असती. तारामतीच्या भूमिकेला बाई मिळेना, म्हणून उपाहारगृहात काम करणारे साळुंके उभे राहिले. ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन थिएटरात 'राजा हरिश्चंद्र' लागला.

पडद्यावर माणूस अचानक प्रकट होतो किंवा गायब होतो, ती युक्तीही वाटाण्याच्याच घराण्यातली. कॅमेरा थांबवायचा, माणूस आत किंवा बाहेर करायचा, परत सुरू करायचा. मधला वेळ फिल्मवर येतच नाही. 'लंकादहन' (१९१७), 'कालियामर्दन' (१९१९) यांतले चमत्कार बघायला गर्दी लोटायची. सिनेमा कसा बनतो हे दाखवणारी एक छोटी फिल्मही फाळक्यांनी काढली होती. म्हणजे टेक एक्सप्लेनरमध्येही ते आपले पूर्वजच.

बोलपट आले आणि त्यांचा काळ मागे पडला. १९३७चा 'गंगावतरण' हा त्यांनी बनवलेला एकमेव बोलपट आणि शेवटचा सिनेमा. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला, गोदेकाठीच, ते गेले. त्यांच्या बहुतेक फिल्म आज उरलेल्या नाहीत. तेव्हाची फिल्म नायट्रेटची असायची. ती पटकन पेट घ्यायची आणि पेट घेतला नाही, तर डब्यात हळूहळू कुजून तिची पूड व्हायची.