देवगडचा राजा बख्त बुलंद शाह

तुमसर तालुक्यांत सातपुड्याच्या डोंगरांत अंबागडचा किल्ला आहे. तो सुमारें १७०० सालीं राजाखान पठाण ह्या सुभेदारानें बांधिला. त्या सुभेदाराचा धनी, देवगडचा गोंड राजा बख्त बुलंद शाह, ह्याचें चरित्र आम्ही बालवाचकांस थोडक्यांत सांगतों.

देवगड हल्लीं छिंदवाडा जिल्ह्यांत मोडतें. तेथील गादीसाठीं भाऊबंदकी माजली, तेव्हां हा राजपुत्र औरंगजेब बादशहाच्या आश्रयास गेला, मुसलमान झाला आणि १६८६ सालीं राजपद पावला. नवा धर्म त्यानें मनापासून स्वीकारिला कीं गादीसाठीं, ह्याचा निवाडा आम्ही करीत नाहीं. अंतःकरण जाणणारा एक परमेश्वरच. परंतु उसन्या बळाचें मोल त्यास लवकरच कळलें. १६९१ सालीं बादशहानेंच त्याला पदच्युत केलें. पुढें तो निसटला व बंड करून उठला. बख्त बुलंद म्हणजे थोर भाग्याचा. संतापलेल्या बादशहानें त्याला निगून बख्त, म्हणजे पालथ्या नशिबाचा, असें नांव दिलें!

तरी त्यानें हिंदु व मुसलमान शेतकरी आणि कारागीर बोलावून रानांत वस्ती करविली आणि १७०२ सालीं नागपूर शहर वसविलें.

कालांतरानें राज्य भोसल्यांकडे गेलें. त्यांनीं अंबागडाचा तुरुंग केला. नागपूर मात्र आजही नांदतें आहे. कृपेनें मिळालेलें पद देणारा परत घेतो. पण श्रमानें वसविलेलें गांव कोण परत घेणार? मुलांनो, अंबागड पाहाल तेव्हां ह्याचा विचार करा.