हॉपमन कप, पण कोणत्या हॉपमनचा?

टेनिस म्हटलं की तुमच्या डोळ्यांसमोर काय येतं? एका बाजूला जोकोविच, दुसऱ्या बाजूला अल्काराझ. महिलांच्या मॅचेस वेगळ्या, त्यांची बातमीही वेगळी. पण नाताळ संपला की ऑस्ट्रेलियात युनायटेड कप नावाची स्पर्धा सुरू होते आणि तिथं हा सगळा हिशोब बदलतो. तिथं खेळाडू देशासाठी खेळतात आणि टीममध्ये पुरुष आणि महिला दोघंही असतात. एक सामना पुरुषांचा, एक महिलांचा आणि एक मिश्र दुहेरीचा. तीनपैकी दोन जिंकले की देश जिंकला. टीममधला पुरुष जगात एक नंबर का असेना, एकट्याच्या जिवावर तो टीमला तारू शकत नाही.

ही कल्पना नवीन नाही बरं का. त्याआधी पर्थ शहरात 1989 ते 2019 अशी तीस वर्षं हॉपमन कप रंगायचा. प्रत्येक देशाचे दोनच खेळाडू, एक पुरुष आणि एक महिला. फेडरर हा कप तीनदा जिंकला, एकदा मार्टिना हिंगीससोबत आणि दोनदा बेलिंडा बेन्चिचसोबत. 2007 मध्ये आपली सानिया मिर्झा आणि रोहन बोपण्णा भारतातर्फे तिथं उतरले होते.

पण हा हॉपमन कोण, कधी विचार केलाय?

हॅरी हॉपमन. जन्म 12 ऑगस्ट 1906, सिडनी. वडील शाळामास्तर, पुढे रोझहिलच्या सरकारी शाळेचे हेडमास्तर. त्याच शाळेच्या आवारात एक टेनिस कोर्ट होतं. तेराव्या वर्षी हॅरी तिथं खुल्या स्पर्धेत उतरला, तोही अनवाणी, आणि स्पर्धा जिंकून मोकळा झाला. आपल्या वसमत, कळमनुरी किंवा सेनगावच्या झेडपी शाळेच्या मैदानावर अनवाणी पळणारी पोरं तुम्ही रोज बघता. हॅरीची सुरुवात तशीच होती. फरक इतकाच की त्याच्या शाळेत कोर्ट होतं.

मोठा झाल्यावर तो चांगलं खेळायचा, पण एकेरीत नशीब काही साथ देईना. 1930, 1931 आणि 1932, सलग तीन वर्षं तो ऑस्ट्रेलियन स्पर्धेच्या फायनलला पोचला आणि तिन्ही वेळा हरला. त्याची खरी मजा दुहेरीत होती. जॅक क्रॉफर्डसोबत त्याने 1929 आणि 1930 ची पुरुष दुहेरी जिंकली. आणि 1930 मध्येच मिश्र दुहेरीसुद्धा जिंकली. तिथं जोडीला होती नेल हॉल.

आता नीट लक्ष द्या, कारण पुढची निम्मी गोष्ट नेलची आहे.

नेल सिडनीचीच, 1909 चा जन्म. कोर्टवर जमलेली ही जोडी 1934 मध्ये लग्नाच्या बंधनात अडकली. त्यानंतर दोघांनी ऑस्ट्रेलियन मिश्र दुहेरी आणखी तीनदा जिंकली, 1936, 1937 आणि 1939 मध्ये. 1935 ला तर ते विम्बल्डनच्या फायनलपर्यंत गेले आणि फ्रेड पेरी-डोरोथी राउंड या जोडीकडून हरले. म्हणजे हॅरीच्या नावावर जी मोठी विजेतेपदं आहेत, त्यातली बहुतेक नेलसोबतची आहेत.

पोटापाण्यासाठी हॅरी पत्रकार होता. मेलबर्नच्या ‘हेरल्ड’ पेपरात तो खेळावर लिहायचा. (आमच्यासारख्या पत्रकारितेच्या पोरांना हे वाचून जरा बरं वाटतं!) आणि हे करता करताच तो डेव्हिस कपसाठी ऑस्ट्रेलियाचा कॅप्टन झाला.

सप्टेंबर 1939 मध्ये अमेरिकेत फायनल होती आणि पहिल्या दिवशी ऑस्ट्रेलिया 0-2 ने मागे पडला. त्यातच युरोपात युद्ध पेटलं, 3 सप्टेंबरला ऑस्ट्रेलियाही त्यात ओढला गेला. अशा वातावरणात क्विस्ट आणि ब्रॉमविच यांनी उरलेले तिन्ही सामने मारले आणि कप घरी नेला. युद्धानंतर 1950 पासून 1969 पर्यंत हॅरी पुन्हा कॅप्टन होता. एकूण 16 डेव्हिस कप!

कसं जमवलं? फिटनेस. त्या काळात टेनिसपटू जिममध्ये फारसे जात नसत. हॅरी पोरांना पळवायचा, व्यायाम करायला लावायचा, एकाच्या समोर दोघांना उभं करून दमेपर्यंत खेळवायचा. शिस्त एवढी कडक की वागणं चुकलं तर दंड. रॉड लेव्हर सुरुवातीला कोर्टवर संथ होता, म्हणून हॅरीने त्याला चिडवायला ‘रॉकेट’ नाव ठेवलं. पुढे लेव्हरने ते नाव खरं करून दाखवलं. सेजमन, होड, रोझवॉल, एमर्सन, न्यूकोम्ब हे सगळे त्याच्याच तालमीतले.

आपलाही त्याच्याशी एकदा सामना झालाय. 1966 मध्ये भारत पहिल्यांदा डेव्हिस कपच्या फायनलला पोचला. मेलबर्नमध्ये समोर हॅरीची टीम. रामनाथन कृष्णन आणि जयदीप मुखर्जी यांनी दुहेरीत न्यूकोम्ब-रोश जोडीला हरवलं. बाकीचे चार सामने मात्र गेले.

आणि नेल? ती घरी बसून टाळ्या वाजवत नव्हती. 1953 मध्ये अमेरिकेची मॉरिन कॉनोली एकाच वर्षात चारही ग्रँड स्लॅम जिंकणारी पहिली महिला ठरली, तेव्हा दौऱ्यावर तिच्यासोबत नेल होती. पुढच्या वर्षी या दोघींनी मिळून फ्रेंच दुहेरी जिंकली, तेव्हा नेल 45 वर्षांची होती! डेव्हिस कप होता फक्त पुरुषांचा. महिलांनाही देशासाठी खेळता यावं, म्हणून ज्यांनी जोर लावला त्यात नेल पुढे होती. 1963 मध्ये महिलांचा फेडरेशन कप सुरू झाला. आज तो बिली जीन किंग कप म्हणून ओळखला जातो.

जानेवारी 1968 मध्ये, वयाच्या 58 व्या वर्षी नेल गेली. नंतर हॅरी अमेरिकेला गेला. न्यूयॉर्कजवळच्या पोर्ट वॉशिंग्टनच्या अकादमीत त्याने जॉन मॅकेन्रोसारख्या पोरांना घडवलं. लुसी नावाच्या बाईंशी दुसरं लग्न केलं आणि फ्लोरिडात स्वतःची अकादमी काढली. 27 डिसेंबर 1985 ला तो तिथंच वारला. बरोबर तीन वर्षांनी, डिसेंबर 1988 च्या शेवटी, पर्थमध्ये पहिला हॉपमन कप सुरू झाला. लुसीबाई पाहुण्या म्हणून वर्षानुवर्षं तिथं जात राहिल्या.

कपाला नाव दिलं ते हॅरीचं, कोच म्हणून त्याचा मान ठेवायला. त्यात चुकीचं काही नाही. पण गंमत बघा. हॅरीने गाजवला तो डेव्हिस कप, जिथं एकही महिला खेळत नाही. पुरुष आणि महिला एका टीममध्ये खेळणारी स्पर्धा म्हटली, तर त्याचा तो खेळ नेलशिवाय झालाच नसता. आडनाव तर दोघांचं एकच. मग हा कप निम्मा नेलचाही धरायला काय हरकत आहे?

आपल्या कॉलेजच्या गॅदरिंगमध्ये मुलींची फायनल बहुतेक वेळा सकाळी उरकली जाते आणि मुलांच्या फायनलला पाहुणे येतात. तुम्हीही बघितलं असेल. युनायटेड कपमध्ये तसं करताच येत नाही, कारण 1-1 झालं की निकाल मिश्र दुहेरीवर येतो. यंदा तो टीव्हीवर लागला आणि शेवटची मिश्र दुहेरी सुरू झाली, तर चॅनेल बदलू नका. हॅरी आणि नेल जिंकायचे तो खेळ हाच.