न्यायमूर्ती रानडे : दख्खनच्या शेतकऱ्याच्या कर्जाचं मूळ शोधणारा न्यायाधीश

पुणे जिल्ह्यातल्या शिरूर तालुक्यात कर्डे नावाचं गाव आहे. १८७४ च्या डिसेंबरमध्ये इथल्या एका सावकाराने कोर्टाच्या हुकूमनाम्याच्या जोरावर एका देशमुखाचं राहतं घर पाडलं. गाव चिडलं, पण कुणी काठी उचलली नाही. गावाने सावकारांवर बहिष्कार टाकला. न्हावी हजामत करेना, पाणी भरायला कुणी जाईना, त्यांच्या शेतात राबायला माणूस मिळेना. आसपासच्या गावांनीही तोच मार्ग धरला.

पाच महिन्यांनी मात्र भडका उडाला. १२ मे १८७५ ला सुप्याच्या बाजारात जमलेल्या शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरा-दुकानांवर चाल केली. सुपे आज बारामती तालुक्यात आहे, तेव्हा ते भीमथडी तालुक्यात होतं. आजच्या दौंड-बारामतीचा बराचसा भाग या भीमथडीतच येत असे. जमावाचा रोख माणसांपेक्षा कागदांवर होता. कर्जरोखे आणि वह्या बाहेर काढून जाळल्या गेल्या. पुढच्या काही आठवड्यांत हे लोण पुणे आणि नगर जिल्ह्यांतल्या अनेक गावांत पोचलं आणि नऊशेहून अधिक लोकांना अटक झाली. इतिहासात हे प्रकरण 'दख्खनचे दंगे' म्हणून ओळखलं जातं.

दंग्यांनंतर सरकारने कायदा केला आणि तो नीट चालतो की नाही हे पाहण्याचं काम पुढे एका मराठी न्यायाधीशाकडे आलं. ते म्हणजे महादेव गोविंद रानडे.

निफाड ते पुणे

रानड्यांचा जन्म १८ जानेवारी १८४२ चा, नाशिक जिल्ह्यातल्या निफाडचा. वडील कोल्हापूर संस्थानात नोकरीला होते, त्यामुळे बालपण कोल्हापुरात गेलं. पुढचं शिक्षण मुंबईच्या एल्फिन्स्टनमध्ये झालं. १८६२ साली मुंबई विद्यापीठाचे पहिले पदवीधर बाहेर पडले, त्यांत रामकृष्ण गोपाळ भांडारकरांबरोबर रानडेही होते. एम.ए. आणि कायद्याची पदवी घेऊन, काही काळ शिकवून ते १८७१ मध्ये न्यायाधीश म्हणून पुण्याला आले. तेव्हा त्यांचं वय २९ होतं.

आदल्याच वर्षी पुण्यात गणेश वासुदेव जोशी, म्हणजे सार्वजनिक काका, यांच्या पुढाकाराने सार्वजनिक सभा स्थापन झाली होती. रानडे सरकारी नोकर असल्याने पुढे येऊन राजकारण करू शकत नव्हते. पण सभेचे अर्ज आणि सभेच्या त्रैमासिकातले लेख यांमागे बहुतेक वेळा त्यांचंच डोकं असे. दंग्यांच्या आधीच, १८७३ च्या सुमारास, सभेने दख्खनच्या शेतकऱ्यांच्या स्थितीची चौकशी केली होती.

शेतकरी कर्जात बुडाला कसा?

१८६१ मध्ये अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं. इंग्लंडच्या गिरण्यांना अमेरिकेचा कापूस मिळेना, त्यामुळे मुंबई इलाख्यातल्या कापसाला सोन्याचा भाव आला. बाजारात पैसा खेळू लागला आणि उधारी सहज मिळू लागली. १८६५ मध्ये युद्ध संपलं, भाव कोसळले आणि सावकाराने हात आखडता घेतला.

त्यातच सरकारने ३० वर्षांनी शेतसाऱ्याची फेरआकारणी सुरू केली. सुरुवात १८६७ मध्ये इंदापूरपासून झाली, मग भीमथडीचा नंबर लागला. सारा कित्येक ठिकाणी निम्म्याहून अधिक वाढला. पीक येवो न येवो, सारा रोख भरायचा. शिरूर-भीमथडीचा भाग तर अवर्षणाचा. सारा भरायला सावकार, बियाण्याला सावकार, लग्नाला सावकार. अंगठा कशावर उठवला हे शेतकऱ्याला वाचता येत नसे आणि कोर्ट रोख्यावरच्या आकड्यापलीकडे पाहत नसे.

सरकारची वक्रदृष्टी

दंग्यांपाठोपाठ १८७६-७८ चा भीषण दुष्काळ आला. सार्वजनिक सभेने जिल्ह्याजिल्ह्यांतून माहिती गोळा करून सरकारपुढे मांडली. ते सरकारला रुचलं नाही. १८७९ मध्ये वासुदेव बळवंत फडक्यांचं बंड झालं, पुण्यात वाड्यांना आगी लागल्या आणि संशयाची सुई रानड्यांकडेही वळली. त्यांची धुळ्याला बदली झाली. त्यांची पत्रं काही काळ फोडून वाचली जात. रानडे शांतपणे काम करत राहिले. संशय मिटला आणि सरकारचा त्यांच्यावरचा विश्वास उलट वाढला.

कायदा आणि त्याच्या मर्यादा

१८७९ च्या अखेरीस 'दख्खन शेतकरी साहाय्य कायदा' पुणे, नगर, सोलापूर आणि सातारा या चार जिल्ह्यांत लागू झाला. आता न्यायाधीशाला रोख्यामागे जाऊन मूळ रक्कम किती, व्याज किती, फेड किती, हे पहिल्यापासून तपासता येऊ लागलं. कर्जापायी शेतकऱ्याला तुरुंगात टाकणं बंद झालं. फेडीला हप्ते मिळाले. गहाण न ठेवलेली जमीन साध्या कर्जासाठी लिलावात काढता येईना.

१८८१ मध्ये रानडे या कायद्याखालचे सहायक विशेष न्यायाधीश झाले आणि १८८७ मध्ये विशेष न्यायाधीश. चारही जिल्ह्यांत फिरायचं, खालच्या कोर्टांची दप्तरं तपासायची आणि चुकलेले निकाल दुरुस्त करायचे, असं हे काम होतं. पत्नी रमाबाई अनेक दौऱ्यांत सोबत असत. त्यांनी आपल्या आठवणींत त्या दिवसांबद्दल लिहिलं आहे.

या कायद्याने जुन्या कर्जाचा हिशेब नीट झाला, पण पुढच्या हंगामाच्या बियाण्याला पैसा कुठून आणायचा, हा प्रश्न तसाच राहिला. सावकारांनी पळवाट काढली. गहाणखताऐवजी खरेदीखत लिहून घेतलं जाऊ लागलं, म्हणजे तपासायला कर्जच उरत नसे. काहींनी कर्ज देणंच कमी केलं.

रानड्यांच्या अर्थविचाराचा गाभा नेमका इथे आहे. नुसता सावकाराला दोष देऊन भागणार नाही. सारा ठरावीक आणि झेपेल इतका हवा, स्वस्त कर्ज देणाऱ्या संस्था हव्यात आणि शेतीवरचा भार हलका करायला कारखानदारी हवी, असं ते मांडत राहिले. विल्यम वेडरबर्न यांनी पुरंदर तालुक्यात शेतकी बँक काढण्याची योजना आखली, तिला पुण्याच्या या मंडळींचा पाठिंबा होता. लंडनने ती फेटाळली. १८९१ मध्ये रानड्यांनी युरोपातल्या जमीन-तारण बँकांचा अभ्यास मांडून हा विषय पुन्हा पुढे आणला.

सुधारक आणि टीका

विधवाविवाहाचा पुरस्कार करणाऱ्या रानड्यांनी पहिली पत्नी वारल्यावर, १८७३ मध्ये, वडिलांच्या आग्रहापुढे मान तुकवून ११ वर्षांच्या रमाबाईंशी लग्न केलं. पंचहौद मिशनमधल्या चहापानाबद्दल पुढे प्रायश्चित्तही घेतलं. दोन्ही वेळा सुधारकांनीच त्यांना धारेवर धरलं. रमाबाईंना मात्र त्यांनी शिकवलं आणि त्या पुढे पुण्याच्या सेवासदनाच्या आधारस्तंभ झाल्या.

१८९३ मध्ये रानडे मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायाधीश झाले. १६ जानेवारी १९०१ रोजी, ५९ वर्षं पूर्ण व्हायला दोन दिवस असताना, त्यांचं निधन झालं.

मागे काय उरलं?

सहकारी पतसंस्थांचा कायदा १९०४ मध्ये आला, तो पाहायला रानडे नव्हते. त्यांच्या हाताखाली अर्थशास्त्र शिकलेल्या गोपाळ कृष्ण गोखल्यांनी १९०५ मध्ये भारत सेवक समाज काढला. त्याच समाजाच्या छत्राखाली १९३० मध्ये पुण्याची गोखले अर्थशास्त्र संस्था उभी राहिली आणि तिचे पहिले संचालक धनंजयराव गाडगीळ पुढे प्रवरेच्या सहकारी साखर कारखान्याच्या उभारणीत उतरले. शेतकऱ्याने शेतकऱ्यांच्याच संस्थेकडून भांडवल घ्यावं, हा विचार तिथून राज्यभर पसरला. दौंड तालुक्यात पाटसला भीमा आणि शिरूर तालुक्यात न्हावऱ्याला घोडगंगा, हे कारखाने सहकारातूनच उभे राहिले.

कर्जमाफीची चर्चा आजही दर काही वर्षांनी होते. जुनं कर्ज पुसलं, तरी पुढच्या पेरणीला पैसा कोण देणार? दप्तरं तपासताना रानड्यांच्या लक्षात आलेला हा प्रश्न सव्वाशे वर्षांनंतरही शिळा झालेला नाही.